दार, धोटा आणि लेणं

गेल्या महिन्यात आपल्या अभ्यासवर्गात भांडण झालं. मुद्दा जुनाच. जाणीव आधी की वास्तव आधी? एक साथी लाल पुठ्ठ्याचं पुस्तक घेऊनच आला होता. त्याचं म्हणणं सरळ. माणूस जसा जगतो तसा विचार करतो, मार्क्सनं १८५९ सालीच याचा निकाल लावलाय, तेव्हा आधी भाकरीचं बोला, जाणीव मागाहून आपोआप येईल. दुसरा साथी धम्माचा अभ्यास करणारा, इगतपुरीला धम्मगिरीवर दहा दिवस मौन पाळून आलेला. तो म्हणाला, बुद्धानं मनाला पहिलं स्थान दिलंय, मन बदलल्याशिवाय जग बदलत नाही. दोघं इतके तापले की चहा गार झाला. मग मला विचारलं, तू कवी ना, बोल की काहीतरी.

मी काय बोलणार. मी साच्यावर उभा राहणारा माणूस. तत्त्वज्ञान कुठल्या कॉलेजात शिकलो नाही, जे वाचलं ते पाळी संपल्यावर. त्या दिवशी गप्प बसलो. पण घरी जाताना पंचवटीतून गेलो आणि वाटलं, च्यायला, आपण नाशकात राहून हा वाद पुस्तकातून काय घालतोय? हा प्रश्न या गावच्या रस्त्यावर पाच वर्षं उभा होता. पोलिसांच्या काठ्या आणि सनातन्यांचे दगड खात उभा होता. म्हणून हे लिहितोय. साथींनो, इतिहास माहीत असलेल्यांनी मधली पानं उडवू नका, कारण मला सांगायचंय ते इतिहासाच्या मधल्या पानांतच आहे.

काळारामाचं देऊळ पेशवाईतलं. सरदार ओढेकरानं बांधलेलं, काळ्या दगडाचं, चारी बाजूंनी कोट, कोटाला दारं. आता बघा. हे दार आपल्याला बंद होतं ही गोष्ट काही १९३० साली घडली नाही. देऊळ बांधलं तेव्हापासून ते बंदच होतं. आपला आजा, पणजा, खापरपणजा त्याच्या बाहेरून गेले. वास्तव तेच, लाकूड तेच, कडी तीच. मग दीडशे वर्षं कुणी त्या दारापुढं का बसलं नाही? वास्तवातून जाणीव आपोआप येते म्हणणाऱ्यानं याचं उत्तर द्यावं. दीडशे वर्षं ते दार आपल्या लोकांना डोंगरासारखं वाटत होतं. डोंगर आडवा आला तर माणूस वळसा घालतो, त्याच्याशी भांडत नाही. अन्याय हा डोळ्यांना नुसता दिसत नाही. डोळ्यांना दिसतं ते दार. ते दार 'बंद केलेलं' आहे, कुणीतरी माणसानं केलेलं आहे आणि म्हणून माणसाला उघडता येईल, हे दिसायला डोळ्यांमागं काहीतरी लागतं. त्या काहीतरीला आपण जाणीव म्हणतो.

आणि ती आभाळातून पडली नाही. २० मार्च १९२७ ला महाडला चवदार तळ्याचं पाणी प्यायलं गेलं. त्याच साली २५ डिसेंबरला मनुस्मृती जाळली. या दोन गोष्टी करून पाहिलेली माणसं १९३० साली नाशकात आली. म्हणजे जाणीव ही करून पाहिल्यानं आलेली होती, नुसती ऐकून नाही.

रविवार, २ मार्च १९३०. सकाळी परिषद झाली, बाबासाहेब अध्यक्ष. सत्याग्रह समितीचे चिटणीस भाऊराव गायकवाड, पुढं आपण ज्यांना दादासाहेब म्हणू लागलो ते. दिंडोरी तालुक्यातल्या आंबे गावचे, तेव्हा वय सत्तावीस. आपल्यातल्या बऱ्याच जणांएवढं. अमृतराव रणखांबे होते, पतितपावनदास होते. दुपारी मिरवणूक निघाली. पंधरा हजारांच्या आसपास माणूस, मैलभर लांब रांग. पुढं बँड वाजवणारे आपलेच, पलटणीतली वाजंत्री शिकलेले. त्यांच्यामागं स्काउट पोरं. त्यांच्यामागं पाचशेच्या घरात बाया. मी या बायांपाशी नेहमी थांबतो. ज्या बाईला गावात रस्त्याच्या कडेनं, पदर सावरत, सावली पडू न देता चालायला शिकवलं, ती बाई नाशकाच्या भर रस्त्यातून रांगेत चालत होती. तिच्या पायाखालचा रस्ता कालचाच होता. पण चाल कालची नव्हती.

मिरवणूक देवळाच्या दाराशी आली. जिल्हा मॅजिस्ट्रेट हजर, पोलीस अधिकारी हजर. दारं सगळी बंद. मिरवणूक गोदावरीच्या घाटावर गेली, तिथं सभा झाली. रात्री अकराच्या सुमाराला पुढाऱ्यांनी बसून ठरवलं की उद्या दारासमोर बसायचं. ३ मार्चला पहिली तुकडी बसली, सव्वाशे पुरुष आणि पंचवीस बाया, चारी दारांवर. मागं हजारोंनी नावं नोंदवलेली. गांधींची दांडीयात्रा निघाली ती १२ मार्चला. शाळेच्या पुस्तकात त्या मार्च महिन्याचं मीठ आहे, दार नाही. हे जाता जाता.

आता इथं एक गंमत झाली, आणि लाल पुस्तकवाल्या साथीनं ती नीट ऐकावी. आपण आत येऊ नये म्हणून त्यांनी दारं बंद ठेवली. पण दार बंद म्हणजे त्यांनाही बंद! महिनाभर सत्याग्रही दारात आणि राम कुलपात. दक्षिणा, ताटं, नवस सगळं थंडावलं. क्षेत्राच्या गावात देव बंद पडणं म्हणजे गिरणीच्या गावात भोंगा बंद पडणं. मग कुणाचा फायदा होत होता? नुसत्या नफ्या-तोट्याच्या हिशेबानं हे दार चार दिवसांत उघडायला हवं होतं. शंकराचार्य डॉ. कुर्तकोटींच्या अध्यक्षतेखाली गावकऱ्यांची सभा भरवली, तडजोडीसाठी, तर सनातन्यांनी त्या सभेतही जोडे आणि दगड फेकले. स्वतःच्या शंकराचार्यापुढं! एवढं नुकसान सोसून, स्वतःच्या देवाला कोंडून, माणूस कशाला चिकटतो? खुळचट कल्पनेला. जी हातात धरता येत नाही, तराजूत घालता येत नाही अशा कल्पनेला. ती कल्पना त्यांच्यासाठी दगडाइतकी टणक होती आणि आपल्यासाठी खरोखरच दगड झाली.

कारण ९ एप्रिलला, रथाच्या दिवशी, तेच झालं. रथ दोन्हीकडच्या माणसांनी मिळून ओढायचा असं ठरलं होतं. ऐन वेळी त्यांनी रथ पळवला, अरुंद बोळाकडं, जिथं बंदुकवाले पोलीस उभे होते. आपले लोक धावले. दगडांचा मारा सुरू झाला. कद्रेकर नावाचा भंडारी समाजाचा तरुण पोलिसांचं कडं फोडून आत घुसला आणि रक्ताच्या थारोळ्यात पडला. बाबासाहेबांच्या डोक्यावर छत्री धरली होती तरी त्यांना लागलं. त्यानंतर खेड्यापाड्यांत सूड सुरू झाला. पोरं शाळेतून काढली, रस्ते बंद केले, दुकानदार माल देईनात.

हे शेवटचं धम्मवाल्या साथीसाठी आहे. मन बदललं म्हणून झालं नाही, भाऊ. नाशकात बसलेल्याचं मन बदललं होतं, पण त्याच्या घरी मीठ-मिरची देणारं दुकान गावच्या पाटलाच्या शब्दावर चालत होतं. ज्याची भाकर महार वतनावर, बलुत्यावर होती त्याचा गळा गावाच्या हातात होता. बाबासाहेबांनी हे कधीच ओळखलं होतं. १९२८ साली त्यांनी मुंबई कायदेमंडळात वतनाच्या कायद्यात बदल करणारं बिल आणलं ते काय उगाच? जाणिवेला पाय लागतात, आणि पायाखाली स्वतःची जमीन नसेल तर ते पाय कुणीही ओढतो. पलटणीत, रेल्वेत, गिरणीत, म्युनिसिपालटीत रोख पगार मिळवणारा माणूस ताठ उभा राहू शकला याचं कारण त्याचं मन जास्त शुद्ध होतं हे नाही. त्याची भाकर गावकुसाच्या ताब्यातून सुटली होती हे आहे. एवढ्यापुरता मार्क्स खरा आहे आणि मी ते मान्य करतो.

पण एवढ्यापुरताच. कारण गिरणीचं बोललोच आहे तर गिरणीतच चला.

मुंबईच्या गिरण्यांत आपली माणसं भरपूर होती, पण साळखात्यात नाही. साळखातं म्हणजे जिथं कापड विणतात. तिथं पगार जास्त. का नाही? तर धोट्यामुळं. धोटा तुम्ही पाहिला नसेल, आजच्या बऱ्याच नव्या साच्यांत धोटाच नसतो, हवेच्या झोतानं बाणा पलीकडं जातो. जुना धोटा लाकडाचा, दोन्ही टोकं निमुळती, पोटात कांडी बसवायची जागा, आणि बाजूला एक बारीक भोक. कांडी संपली की नवी घालायची आणि सुताचं टोक त्या भोकातून बाहेर काढायचं. ते चटकन कसं काढायचं? भोकाला तोंड लावून ओढून घ्यायचं. बस्स. एवढ्यासाठी. अस्पृश्याच्या तोंडाची थुंकी लागलेला धोटा मराठ्यानं, मुसलमानानं तोंडाला कसा लावायचा? म्हणून साळखातं बंद.

एका निवृत्त कामगाराच्या घरी मी असा धोटा हातात घेऊन पाहिला. खूप वेळ फिरवून पाहिला. त्या भोकात जात कुठं दिसते का बघत होतो. नाही दिसत. लाकूड आहे, घासून गुळगुळीत झालेलं. शंभर माणसांच्या ओठांनी गुळगुळीत झालेलं. भोकाला माहीत नाही ओठ कुणाचे. तरी त्या भोकातून आपल्या माणसाचा पगार गळत होता, महिन्याच्या महिन्याला, पै-पैचा. विटाळ पगारात मोजता येत होता. आता सांगा, हे वास्तव की जाणीव?

मार्क्सनं १८५३ साली लिहिलं होतं की रेल्वे आली की हिंदुस्थानात ज्या पिढीजात कामाच्या वाटणीवर जात उभी आहे ती वाटणी मोडेल. त्याच साली १६ एप्रिलला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी गेली. पाठोपाठ गिरण्या आल्या. इंजिन विलायतेचं, साचे विलायतेचे, सगळं नवं. जात मात्र मोडली नाही. ती धोट्याच्या भोकात जाऊन बसली. मार्क्स लंडनमध्ये बसून लिहीत होता, त्याला मी दोष देत नाही. पण त्याच्यानंतर पाऊणशे वर्षांनी, १९२८ च्या सहा महिने चाललेल्या संपात, लाल बावट्याच्या पुढाऱ्यांना हे डोळ्यांपुढं दिसत होतं. बाबासाहेबांनी मागणी केली की संपाच्या मागण्यांत आमच्या माणसांना साळखात्यात घ्यायची मागणी घाला. पुढाऱ्यांनी कुरकुरत ऐकून घेतलं. त्यांच्या मते हे 'वरवरचं' होतं, खरं वास्तव म्हणजे मालक आणि मजूर. अरे, पण मजुराच्या ओठावरच जात बसली होती ना! एकाच साच्यापुढं उभे राहणारे दोन मजूर एकमेकांना मजूर म्हणून दिसतच नव्हते.

म्हणून १९३६ साली, लाहोरच्या जात-पात-तोडक मंडळानं जे भाषण होऊ दिलं नाही त्या भाषणात बाबासाहेबांनी मांडलं की जात ही काही विटांची भिंत नाही किंवा काटेरी तार नाही की पाडली आणि संपली. ती एक कल्पना आहे, मनाची एक अवस्था आहे. यावर कुणी म्हणेल, मग आंबेडकर मनवादीच झाले. नाही. त्यांनी पुढं त्या मनाचं मूळ दाखवलं, की लोक जात पाळतात ते दुष्ट आहेत म्हणून नव्हे, त्यांचा धर्म त्यांना ते शिकवतो म्हणून. म्हणजे मन हवेत लटकलेलं नाही. त्याला पोथी आहे, पोथीला देऊळ आहे, देवळाला उत्पन्न आहे, उत्पन्नाला कायदा आहे आणि कायद्याला पोलीस. कल्पना हीच वस्तू होऊन बसते. दाराची कडी होते, धोट्याचं भोक होते, विहिरीचा काठ होते. आणि मग ती वस्तू पुढच्या पिढीच्या मनात पुन्हा कल्पना होऊन शिरते, की हे असंच असतं.

बुद्धाच्या शिकवणुकीत याला जागा आहे. बारा कड्यांच्या साखळीत विज्ञान आणि नामरूप, म्हणजे आपल्या भाषेत जाणीव आणि जाणिवेला भेटणारं जग, एकमेकांवर टेकलेले आहेत. सारिपुत्तानं त्याला दोन बोरूच्या जुड्यांची उपमा दिली आहे. एकमेकींना टेकून उभ्या, एक ओढली की दुसरी पडते. कोण आधी, हा प्रश्नच तिथं निकालात निघतो. पुढं काही बौद्ध पंडितांनी एकच जुडी ठेवली, असंग-वसुबंधूंच्या परंपरेनं सगळं चित्तच आहे असं म्हटलं. ते मोठे विद्वान होते, त्यांच्याशी वाद घालायची माझी पात्रता नाही. शंकराचार्यांनी तर जगच मिथ्या करून टाकलं. मला एवढंच दिसतं की जग मिथ्या म्हणणाऱ्या परंपरेनं देवळाच्या दाराची कडी मात्र कधी मिथ्या मानली नाही.

आता विणकराचा धागा धरूनच मी तुम्हाला गावाबाहेर नेतो. मुंबईच्या रस्त्याला लागलं की त्रिरश्मी डोंगर. बसवाला ओरडतो, "पांडवलेणी, पांडवलेणी!" आपली पोरंही तेच म्हणतात. चोवीस लेणी आहेत तिथं, कोरल्याला दोन हजार वर्षं होत आली. बुद्धाच्या मूर्ती, चैत्य, भिक्खूंच्या खोल्या, दगडी ओटे. आणि भिंतींवर अक्षरं. एवढं ढळढळीत वास्तव डोक्यावर उभं असताना गावानं त्याला पांडवांचं नाव दिलं. बुद्धाला कुणी धर्मराज म्हणालं, कुणी भीम. दगड काही बोलला नाही. दगड खोटं बोलत नाही तसा खरंही बोलत नाही. त्याला वाचावं लागतं आणि वाचणारेच उरले नव्हते. ब्राह्मी लिपी विसरली गेली होती. भिंतीवर लिहिलेलं होतं आणि वाचता येत नव्हतं, हे म्हणजे काळारामाचंच दार झालं, फक्त उलट्या बाजूनं.

कुलूप कसं उघडलं तेही ऐका. जेम्स प्रिन्सेप, कलकत्त्याच्या टांकसाळीत नोकरी करणारा गोरा. सांचीच्या कठड्यांवरच्या छोट्या छोट्या लेखांच्या शेवटी तीच दोन अक्षरं पुन्हा पुन्हा येतात हे त्याच्या ध्यानात आलं. लोकांनी दिलेल्या वस्तूवर शेवटी काय लिहितील? 'दानं'. त्या एका शब्दावरून १८३७ साली त्यानं लिपी उलगडली. नाशकातले लेख पुढं पंडित भगवानलाल इंद्रजींनी वाचले, १८८३ च्या नाशिक गॅझेटियरमध्ये ते आहेत. आणि अजून सगळं पाहून झालंय असं समजू नका. अगदी २०२१ साली त्याच डोंगरावर साफसफाई चालू असताना आणखी तीन लेणी ध्यानात आली. तिथंच होती. रोज माणसं डोंगरावर जात-येत होती.

दहा नंबरच्या लेण्यात नहपान राजाच्या जावयाचा, उषवदाताचा लेख आहे. त्यानं भिक्खुसंघासाठी तीन हजार कार्षापण ठेव ठेवली. कुठं? गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणींकडं! गोवर्धन म्हणजे आपलं गंगापूर-गोवर्धन. दोन हजार एका श्रेणीकडं, दरमहा शेकडा एक व्याजानं, आणि एक हजार दुसऱ्या श्रेणीकडं, शेकडा पाऊण व्याजानं. दोन हजारांच्या व्याजातून वीस भिक्खूंना दर वर्षी चीवरासाठी बारा-बारा कार्षापण. मी हिशेब करून पाहिला. दोन हजाराला महिन्याला वीस, वर्षाला दोनशे चाळीस. वीस भिक्खू गुणिले बारा, दोनशे चाळीस. बरोब्बर. आमच्या पगारपत्रकात कधी इतकं बरोबर येत नाही. हे निगमसभेत वाचून दाखवलं आणि नोंदवलं, असंही त्यात आहे. म्हणजे एकोणीसशे वर्षांपूर्वी याच नाशकात विणकर हा असा माणूस होता की राजाचा जावई त्याच्याकडं पैसे ठेवतो आणि त्याच्या शब्दावर संघाचे कपडे चालतात. आणि १९२८ साली आपल्या माणसाला विणायच्या साच्याजवळ उभं राहू देत नव्हते. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा रात्रपाळी करून आलो होतो, तरी झोप आली नाही.

पण थांबा. इथं मला स्वतःलाही अडवावं लागतं. आपल्यातले काही जण लेण्यांवर जाऊन येतात आणि सांगतात की तो काळ म्हणजे आपलं राज्य, सगळे समान, नंतर मनुवाद्यांनी घात केला. तीन नंबरचं लेणं बघा. सगळ्यांत देखणं. गौतमीपुत्र सातकर्णीची आई, गौतमी बलश्री, तिनं भिक्खुसंघाला दिलेलं. तिच्या लांबलचक लेखात आपल्या मुलाची थोरवी सांगताना ती काय सांगते? की त्यानं चार वर्णांचा संकर थांबवला. बुद्धाच्या लेण्याच्या भिंतीवर! बौद्ध भिक्खूंना दिलेल्या दानाच्या लेखात! एका हातानं विहार द्यायचा, दुसऱ्या हातानं चातुर्वर्ण्य सांभाळायचं. आणि उषवदाताच्या लेखांतही ब्राह्मणांना दिलेल्या दानांची मोठी यादी आहेच. हे आपल्याला आवडणारं नाही. पण भिंतीवर आहे. आपण त्याला पांडवलेणी म्हणणाऱ्यांना हसतो, आणि मग स्वतःच्या मनातलं चित्र त्याच भिंतीवर चिकटवतो. मग त्यांच्यात आणि आपल्यात फरक काय राहिला? वास्तवाला आपल्या सोयीनं मुकं करणं हे त्यांचं काम. आपल्याला ते परवडणारं नाही, कारण आपल्या हातात देऊळ नाही, पोलीस नाही. खरं काय ते ठाऊक असणं एवढंच भांडवल आहे.

परत दाराकडं येतो. सत्याग्रह १९३५ पर्यंत चालला. दार उघडलं नाही. मग फुकट गेला का? मार्च १९३४ मध्ये बाबासाहेबांनी भाऊराव गायकवाडांना पत्र लिहिलं. त्यात त्यांनी साफ सांगितलं की आपल्या लोकांनी मूर्तीची पूजा करावी म्हणून मी ही चळवळ सुरू केली नव्हती, किंवा देवळात गेल्यानं ते हिंदू समाजात बरोबरीचे होतील असं वाटलं म्हणूनही नाही. आपल्या लोकांत जोम यावा, आपली स्थिती काय आहे याची त्यांना जाणीव व्हावी, त्याला हा उत्तम मार्ग वाटला म्हणून केली. ते काम झालं, आता देवळाची गरज नाही. ज्या वादावर आपण महिनाभर भांडतोय त्याचं उत्तर या पत्रात आहे आणि ते नाशिकच्याच माणसाला लिहिलेलं आहे! दार हे साधन होतं. बंद दारावर हात आपटला की दार उघडतं किंवा नाही उघडत, पण हाताला कळतं की आपण बाहेर आहोत, आणि आपण हात आहोत.

त्याच जिल्ह्यात येवल्याला १३ ऑक्टोबर १९३५ ला बाबासाहेबांनी जाहीर केलं की हिंदू म्हणून जन्मलो तो माझ्या हातात नव्हतं, हिंदू म्हणून मरणार नाही. पुढं १९४७ साली मुंबई राज्यात मंदिरप्रवेशाचा कायदा झाला, १९५० साली घटनेच्या कलम १७ नं अस्पृश्यता रद्द केली. कायद्यानं दार उघडलं. तोवर जाणीव नागपूरच्या दिशेनं निघाली होती, १४ ऑक्टोबर १९५६ कडं. दार तेच, मूर्ती तीच, आणि आत जायचं कारण उरलेलं नव्हतं. जाणीव नुसता आरसा असती तर दार उघडल्यावर आपण आनंदानं आत गेलो असतो.

आणि दादासाहेब गायकवाड? नुसती जाणीव पुरते असं मानणारा माणूस धर्मांतरानंतर विहारात स्वस्थ बसला असता. ते बसले नाहीत. १९५९ साली त्यांनी भूमिहीनांचा सत्याग्रह उभा केला, आणि ६ डिसेंबर १९६४ पासून पुन्हा, देशभर, पडीक आणि गायरान जमीन कसणाऱ्याला मिळावी म्हणून. लाखो लोक तुरुंगात गेले. आपल्याच काही शिकलेल्या पुढाऱ्यांनी तेव्हा नाकं मुरडली, गायकवाड कम्युनिस्टांच्या नादी लागले म्हणाले. मला हे कळतच नाही. सत्तावीस वर्षांचा असताना जो दारासमोर बसला तोच माणूस बासष्टाव्या वर्षी शेताच्या बांधावर बसला. देवळाच्या दारावर त्याला कळलं की आपण माणूस आहोत. ९ एप्रिलनंतर खेड्यातल्या बहिष्कारात कळलं की माणसाला मीठ लागतं. त्याला कुणी आधी काय नि नंतर काय हे शिकवायची गरज नव्हती. ते २९ डिसेंबर १९७१ ला गेले. त्यांनी मागितलेल्या गायरानांवर आपली किती माणसं आजही सातबाऱ्याविना कसतात, हे तुम्ही तुमच्या तुमच्या गावात मोजून या. पुढच्या अभ्यासवर्गाला ते घेऊन बसू, पुस्तकं मागाहून.

जाता जाता त्रिरश्मीचं एक राहिलं. आठ नंबरचं लेणं लहान आहे, लोक सहसा तिथं थांबत नाहीत. तिथला लेख सांगतो की हे लेणं मुगुदास नावाच्या कोळ्यानं, मासे धरणाऱ्यानं, आपल्या कुटुंबासह दिलं. राजा नाही, राजाची आई नाही, जावई नाही. आमच्या गल्लीतला एक दहावीतला पोरगा माझ्याबरोबर आला होता, त्याला हे सांगितलं. तो म्हणाला, "दादा, वाचून दाखव ना."

मला ब्राह्मी येत नव्हती. मी पुस्तकातलं सांगत होतो. तेव्हापासून आम्ही दोघं रविवारी वहीत अक्षरं गिरवतोय. प्रिन्सेपनं जिथून सुरुवात केली तिथूनच. द झाला, न झाला. आता म चालू आहे.